मोडी नावाच्या श्वापदाची नोंद घेण्याबाबत खुले पत्र

प्रति,
मा. वनाधिकारी,
येडशी रामलिंग घाट वन्यजीव अभयारण्य, जि. धाराशिव

विषय : अक्षरांच्या बनलेल्या एका महाकाय प्राण्याचा वन्यजीवांच्या यादीत समावेश करणेबाबत.

महोदय,

मोडी लिपी म्हणजे जिवंत अक्षरांचा बनलेला प्राणी आहे. त्याचा कणा आधी जन्मतो आणि अंग मागून येते. लिहिणारा प्रथम कागदभर आडव्या रेघा ओढून घेतो, मग बोरू शाईत बुडवून एकेक अक्षर त्या रेघेला वटवाघळासारखे लटकवत जातो. हात शक्यतो उचलायचा नाही, त्यामुळे एका अक्षराची शेपटी हीच पुढच्याची सोंड होते. शब्दाशब्दांत फट नसते आणि विरामचिन्हे नसतात. ‘घरजावयासदिले’ एवढी ओळ समोर आली तर घर जावयाला दिले की घरजावयाला काही दिले, हे प्राणी सांगत नाही. ते वाचणाऱ्याने ठरवायचे, आणि भाऊबंदांनी कोर्टात. ऱ्हस्व-दीर्घाचा भेदही त्याला मान्य नाही. सुत आणि सूत, म्हणजे मुलगा आणि दोरा, तो एकाच पंजाने लिहितो. शुद्धलेखनाचे गुण कापणाऱ्या मास्तरांनी त्याच्या वाटेला न जाणेच बरे.

मूळस्थान वादग्रस्त आहे. देवगिरीच्या यादवांचा १३ व्या शतकातला प्रधान हेमाडपंत याने हा प्राणी लंकेहून आणला, अशी दंतकथा आहे. अभ्यासक ती मनावर घेत नाहीत. येडशीकरांना मात्र ती पटायला हरकत नाही, कारण लंकेचा रस्ता या रानातूनच जातो. सीतेला घेऊन निघालेल्या रावणाला जटायूने रामलिंगाच्या दरीत अडवले, असे इथे पिढ्यान् पिढ्या सांगतात. हेमाडपंताला कोणी अडवल्याचे ऐकिवात नाही.

वयानुसार त्याची चाल बदलत गेली. बहामनी काळात तो जरा अवघडून चालतो, शिवकाळात पळू लागतो आणि पेशवाईत इतका गोलाईदार व देखणा होतो की जाणकार घडण पाहूनच अक्षराचा काळ ओळखतात. इंग्रजी अमदानीत बोरू जाऊन टाक आणि फाउंटन पेन आले. जाड-बारीक रेघेचे स्नायू त्यात गेले. उरली ती बारीक, घाईची, कारकुनी जात.

सर्वांत मोठा कळप पुण्याच्या पेशवे दफ्तरात आहे. तिथे कोट्यवधी कागद ‘रुमाल’ नावाच्या कापडी गाठोड्यांत बांधलेले असतात. गो. स. सरदेसाई यांनी १९३० नंतरच्या चार-पाच वर्षांत त्यातून निवडक कागदांचे ४५ खंड छापून आणले. कळपाच्या मानाने हे शेपटीचे चार केसच. एक शाखा भोसल्यांबरोबर तंजावरला गेली आणि तिथे तमिळ मुलखात सुखाने नांदली. धाराशिव जिल्हा निजामाच्या राज्यात होता आणि दरबारची भाषा उर्दू, तेव्हा इथल्या मोडीने कचेरीपेक्षा पाटील-कुलकर्ण्याच्या दप्तरात आणि सावकाराच्या वहीत बीळ केले.

नैसर्गिक शत्रू दोन : वाळवी आणि ओल. वाण्याच्या पुडीत किती कागद गेले त्याची गणती नाही. पण खरा घाव छापखान्याचा. मिशनरी विल्यम कॅरीने १८१० साली बंगालमधल्या श्रीरामपूरला मराठी कोश छापला तो मोडीच्या खिळ्यांत; पुढे मात्र छापखान्यांना सुटी सुटी उभी राहणारी बाळबोध, म्हणजे देवनागरी, अक्षरे सोयीची वाटली. ज्याचे सारे अंग एका दमात धावते, त्याला एकेका खिळ्यात कोंबणे अवघडच. विसाव्या शतकाच्या मध्यावर शाळेतूनही त्याला काढले, आणि आजोबांची सही नातवाला वेलबुट्टी वाटू लागली. २०१४ मध्ये युनिकोडने त्याला ७९ चिन्हांचा पिंजरा बांधून दिला. पिंजऱ्यात तो ऐटदार दिसतो, फक्त धावत नाही.

२०२३ च्या सप्टेंबरात निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली आणि मराठा आरक्षणासाठी मराठवाड्यात जुन्या कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला. तहसिलांतली कपाटे उघडली, कोतवाल बुके आणि गाव नमुना १४ बाहेर आले, आणि मृत समजला गेलेला हा प्राणी पानापानांवर डोळे उघडून बसलेला दिसला. तेव्हा लक्षात आले की त्याची भाषा कळणारी माणसेच त्याच्यापेक्षा दुर्मीळ झाली आहेत. वर्षानुवर्षे घरी बसून पोथ्या चाळणारे मोडी जाणकार एकाएकी साहेबांच्या गाडीतून फिरू लागले. पणजोबांची जात सांगणारा एकमेव साक्षीदार हाच, त्यामुळे मधल्या सत्तर वर्षांत त्याला कोणी पाणीही विचारले नव्हते ही गोष्ट कोणी काढली नाही.

आता विनंतीकडे. सुमारे २२ चौरस किलोमीटरच्या या अभयारण्यात २०२४ च्या डिसेंबरात यवतमाळच्या टिपेश्वरहून चालत एक वाघ आला. त्याच्यासाठी कॅमेरे लागले, पथके आली, बातम्या झाल्या. वाघाने सगळ्यांना हुलकावणी दिली. मोडी या मुलखात कित्येक शतके राहतो आणि कोणालाही हुलकावणी देत नाही. तो कपाटातच असतो, किल्ली सापडत नाही एवढेच. सबब बुद्धपौर्णिमेच्या रात्री पाणवठ्यावर मचाण बांधून प्राणिगणना होते, तशी एखादी रात्र अभिलेख कक्षातही मचाण बांधावे. प्राणी शांत आहे, अंगावर येत नाही. धूळ मात्र येते.

कळावे,
एक येडशीकर

सोबत : मोडीतील एका ओळीची नक्कल. कुठे तोडायची ते कार्यालयाने ठरवावे.
प्रत माहितीस्तव : वाळवी, सर्व अभिलेख कक्ष.