सातबारावरचा मी

ऑफिसात नव्या माणसाशी सगळ्यांची ओळख करून देताना साहेब माझ्यापाशी थांबले, "आणि हे आपले..." म्हणाले, घसा खाकरला आणि पुढच्या टेबलाकडे गेले. 21 वर्षं मी त्याच खुर्चीत होतो. डोंबिवलीच्या फास्ट लोकलमध्ये, कुणाच्या तरी सॅकची चेन नाकात घुसलेली असताना, त्या टिंबांच्या जागी काय भरायचं याचा आठवडाभर विचार केला. मग राजीनामा दिला. बायकोला सांगितलं, स्वतःचा शोध घ्यायला गावी जातोय. ती म्हणाली, "सापडलात तर येताना आमसुलं आणा."

दादरहून मध्यरात्रीची तुतारी एक्स्प्रेस धरली. केशवसुतांच्या कवितेचं नाव लावलेली गाडी. मी मात्र रोह्यापासून कुडाळपर्यंत घोरलो.

पडवीत डोळे मिटून बसलो. पाच मिनिटांत गडग्यापलीकडून हाक, "कधी इलंस?" मी तोंड उघडायच्या आत, "कधी जातलंस?" कोकणात हे दोन मिळून एकच प्रश्न आहे. शेजारच्या आबांनी मला न्याहाळलं आणि माझा शोध तिथल्या तिथे संपवला. "दत्तूचो नातू तू. चाल तीच. तुझ्या आज्यान आमची शिडी नेल्यान, ती अजून दिल्यान नाय."

विहिरीवरच्या पंपाची वीजजोडणी माझ्या नावावर करायची तर सातबारा हवा. मोबाइलवर 15 रुपये भरून काढला. सामाईक खातेदार 38. त्यातले निम्मे वर पोचलेले, उरलेले मुंबईला. एकतिसावा मी, आणि नावापुढे 'अ.पा.क. आई'. म्हणजे अज्ञान, पालनकर्ती आई. आजोबा गेले तेव्हा मी नऊ वर्षांचा होतो, आज 52 चा आहे. मधल्या काळात माझ्यात काही फरक पडल्याची सरकारदरबारी नोंद नाही.

आईला फोन केला. "बरोबरच लिहिलंय," ती म्हणाली. "धडधाकट नोकरी सोडून बसलायस."

तलाठ्यांनी शांतपणे सांगितलं, "सज्ञान झाल्याचा पुरावा आणा." माझं टक्कल त्यांच्या समोरच होतं, पण त्याची साक्षांकित प्रत नव्हती. शाळा सोडल्याचा दाखला डोंबिवलीला, माळ्यावरच्या ट्रंकेत. परतीचं तिकीट काढलं.

पिशवी घेऊन निघालो तर आबा गडग्याशी उभे.

"जातंस?"

मी मान हलवली.

"शिडी देवन जा."