पात्र

जिल्हा परिषदेच्या शाळेत ३२ वर्षं नोकरी केली. त्यातली निम्मी शिकवण्यात गेली आणि निम्मी मोजण्यात. माणसं मोजली, मतदार मोजले, शाळाबाह्य मुलं मोजली, खिचडीचे तांदूळ मोजले. एका वर्षी तर गावात संडास किती आणि त्यातले वापरात किती, हेही मोजून आले. कोण पात्र आणि कोण अपात्र हे ठरवणारा तक्ता कायम माझ्या काखेत असायचा. त्या तक्त्याच्या पलीकडच्या बाजूला उभं राहायची पाळी येईल असं कधी वाटलं नव्हतं. ती आणली माझ्या लेकीने, सातव्या महिन्यात.

पहिलं बाळंतपण माहेरी, हा आपल्याकडचा असा शासननिर्णय आहे की तो कोणी काढलेला नाही आणि कोणाला रद्दही करता येत नाही. त्यानुसार लेक चाकणहून आली. सोबत दोन बॅगा, एक लांबलचक उशी आणि माता-बाल संरक्षण कार्ड. तिसऱ्या दिवशी आरोग्य केंद्रात नेलं, तर हिमोग्लोबीन निघालं ९.४. सिस्टरने आधी कार्डाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. अकराला जेवढं कमी पडत होतं तेवढं मीच खाल्लं असावं, अशा नजरेने.

"लाल गोळी रोज घ्यायची. चहाबरोबर नाही. आणि अंगणवाडीत नाव घाला, आहार मिळेल."

"अहो, आम्हाला कशाला?" मी म्हटलं. "मला पेन्शन आहे."

"पेन्शन तुमच्या खात्यात येते बाई, तिच्या रक्तात नाही," सिस्टर म्हणाल्या आणि त्यांनी पुढचीला हाक मारली.

बाहेर आल्यावर लेकीने फोनवर शोधून मला ऐकवलं, की २०१९-२१च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार राज्यातल्या १५ ते ४९ वयाच्या निम्म्याहून जास्त बायकांच्या अंगात रक्त कमी आहे. "म्हणजे मी बहुमतात आहे, आई," ती म्हणाली. गावात कुठल्याही निवडणुकीत आमचं घर बहुमतात असल्याचं मला आठवत नाही. असलो ते असे.

तरी दोन दिवस मी अंगणवाडीकडे फिरकले नाही. खरं सांगायचं तर लाज वाटत होती. उभं गाव जिला 'बाई' म्हणतं, तिने पिशवी घेऊन आहाराच्या रांगेत उभं राहायचं? शेवटी तिसऱ्या दिवशी पिशवीची घडी पदराखाली घेतली आणि लेकीला पुढे घालून निघाले.

आमची अंगणवाडी सेविका माझीच विद्यार्थिनी. तिसरीत असताना सातचा पाढा येत नव्हता म्हणून मी तिला तासभर दारात उभं केलं होतं. आता मी तिच्या दारात उभी होते. तिने लगबगीने खुर्ची दिली. लाल प्लॅस्टिकची, वीतभर उंचीची, साडेतीन वर्षांच्या माणसासाठी केलेली. त्या खुर्चीत बसलं की गुडघे हनुवटीला लागतात आणि कोणीही आपोआप अर्जदार दिसायला लागतो.

"अगं, आमचं रेशनकार्ड पांढरं आहे," मी आधीच सांगून टाकलं. अपात्र ठरायचंच असेल तर लवकर ठरलेलं बरं.

ती हसली. "बाई, हे गरिबांसाठी नाही, गरोदरांसाठी आहे."

हे वाक्य मला त्या वीतभर खुर्चीत ऐकायला मिळालं. या अंगणवाड्या ज्या योजनेतून चालतात ती एकात्मिक बालविकास योजना २ ऑक्टोबर १९७५ला देशात ३३ ठिकाणी सुरू झाली, तेव्हा मी स्वतः शाळेत जात होते. पुढे २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने हा आहार प्रत्येक लहान मुलाला आणि प्रत्येक गरोदर-स्तनदा मातेला द्या असं सांगितलं, आणि २०१३च्या अन्नसुरक्षा कायद्याने तो हक्कच करून टाकला. उत्पन्न विचारायचं नाही, कार्डाचा रंग विचारायचा नाही. बाई गरोदर हवी, नाहीतर बाळाला सहा महिने व्हायचे असायला हवेत. एवढी साधी पात्रता मी ३२ वर्षांत कुठल्या तक्त्यात पाहिली नव्हती. संडासाच्यासुद्धा सात अटी होत्या.

"म्हणजे नुसतं पोट बघून देतात?" सोडायला आलेले लेकीचे बाबा दारातूनच म्हणाले. त्यांचं पोट गेली दहा वर्षं नवव्या महिन्यात आहे. मी त्यांना घरी पाठवलं.

पण कायद्याला पोट दिसलं तरी मोबाइलला दिसत नाही, हे पुढच्या पाच मिनिटांत कळलं. सेविकेच्या हातात पोषण ट्रॅकर होता. हे अ‍ॅप २०२१च्या मार्चमध्ये आलं, तेव्हा ते इंग्रजीत होतं आणि दिलेले फोन तासातासाला मान टाकायचे. त्याच वर्षी राज्यभरच्या सेविकांनी ते फोन शासनाला परत नेऊन दिले होते. आमची सेविकाही त्यात होती. ज्या मुलीला मी पाटीवर साताचे सात लिहायला लावले, तिने शासनाला 'हे मराठीत लिहून आणा' म्हणून सांगितलं, याचा मला तेव्हा फार अभिमान वाटला होता.

"बाई, नाव आधीच आहे," तिने फोन वरखाली करत सांगितलं. "सासरच्या अंगणवाडीत. तिथून सोडलं पाहिजे, मग मला इथं घेता येईल."

"सोडतील ना?"

"सांगून बघू. सासरकडून सोडेपर्यंत आपल्याला काही करता येत नाही."

शेजारच्या वत्सलामावशी नातवाला घ्यायला आल्या होत्या आणि दाराशी चप्पल शोधत होत्या. त्यांनी यातलं नेमकं जेवढं ऐकू नये तेवढं ऐकलं. संध्याकाळी पाचला दोन बायका घरी आल्या. चेहरे दुखवट्याचे. चहा घेईनात. एकीने माझा हात हातात घेऊन विचारलं, "कधी सोडलं हो?" दुसरी म्हणाली, "सातव्या महिन्यात सोडतात म्हणजे माणसं आहेत का कोण!" लेक आतून आंबट चिंचा खात बाहेर आली, तशी दोघींनी डोळ्यांना पदर लावला. पोषण ट्रॅकरमधलं स्थलांतर म्हणजे काय, हे समजावून सांगता सांगता माझी शिक्षकी पणाला लागली. जाताना एकीने दिलासा दिला, "होईल सगळं ठीक. नांदायला पाठवा परत."

चौथ्या दिवशी सासरने सोडलं. मग ओटीपी आला, म्हणजे आला नाही. तो जावयाच्या फोनवर गेला, कारण लेकीच्या आधारला त्यांचाच नंबर. जावई चाकणला कंपनीत. तिथे पाळीवर जाताना फोन गेटवरच्या कपाटात ठेवावा लागतो. दुपारच्या सुट्टीत त्यांनी फोन घेतला आणि मी लावला.

"जावईबापू, तुमच्या फोनवर सहा आकडे आलेत, तेवढे सांगा."

पलीकडे शांतता. मग अगदी अदबीने, "आई, रागावू नका. पण तुम्ही खरंच आई आहात ना? आजकाल आवाजसुद्धा नकली काढतात."

"मग कसं पटवू?"

"लग्नात मला काय आवडलं नव्हतं ते सांगा."

"मठ्ठा," मी म्हटलं. "आणि तुम्ही तो अजून काढता."

तेवढ्यात ओटीपीची मुदत संपली. दुसरा मागवला. तो आला तोपर्यंत त्यांची सुट्टी संपली. तिसरा रात्री दहाला मिळाला, सेविका भाकऱ्या थापत असताना. तिने पिठाच्या हाताने तो घातला. सरकारी वेळ दहा ते पाच असते असं कोणी म्हणालं, तर मी आता त्याला तो पिठाळलेला पडदा दाखवते.

राहता राहिला चेहरा. २०२५च्या जुलैपासून घरी न्यायचा आहार चेहरा जुळल्याशिवाय देता येत नाही. लेकीला भिंतीसमोर उभं केलं. फोनने सांगितलं, डोळे मिचकवा. तिने मिचकवले. फोनने पुन्हा सांगितलं. पुन्हा मिचकवले. चार-पाच वेळा झाल्यावर खिडकीतून बघणारी अंगणवाडीची सगळी पोरं डोळे मिचकवायला लागली. फोनचं म्हणणं, ही ती नव्हेच.

"आधारचा फोटो कधीचा?" सेविकेने विचारलं.

"अकरावीतला."

तेव्हा ती काडी होती. आता सातवा महिना, चेहरा भरलेला, गालावर माहेरची साय. "बघ, तीन आठवड्यांत कशी सुधारली," मी सेविकेला म्हटलं, "सासरी कोमेजली होती गं." नेमकी तेव्हाच विहीणबाईंचा व्हिडिओ कॉल चालू असल्याचं लेकीने मला खुणेने दाखवलं. ती खूण डोळे मिचकावूनच केली होती. फोनने ती टिपली, हिरवी बरोबरची खूण आली आणि माझी लेक शासनाच्या दृष्टीने माझी लेक ठरली. विहीणबाईंशी समेट व्हायला मात्र पुढे आठ दिवस लागले.

आहाराची पाकिटं घरी आली. रोजचे ६०० उष्मांक तिच्या एकटीच्या वाट्याचे असतात. पण आपल्या घरात एकटीच्या वाट्याचं असं काही नसतंच. पहिल्या दिवशी गोड पिठाचा शिरा केला, तर 'जरा चव बघतो' म्हणून तिच्या बाबांनी वाटीभर चव बघितली. त्यांना साखर आहे. दुसऱ्या दिवशी वत्सलामावशी 'सरकारचं कसं लागतं' ते बघायला आल्या. तिसऱ्या दिवशी पाकीट कोपऱ्यात फाटलं होतं आणि शेजारची शेळी आमच्याकडे फार आपुलकीने बघत होती. शेवटी मी डब्यावर कागद चिकटवला: 'लाभार्थी एकच.' खाली शाळेचा जुना शिक्का मारावा असंही मनात आलं. आठवड्याभराने वजन केलं. लेकीचं ४०० ग्रॅमने वाढलं आणि तिच्या बाबांचं एक किलोने. पोषण झालं होतं, हे नाकारता येत नव्हतं.

आहाराला अटी नव्हत्या, त्या सगळ्या पैशाला होत्या. प्रधानमंत्री मातृवंदना योजनेत पहिल्या बाळंतपणाला ५,००० रुपये मिळतात. नाव नोंदवून एक तपासणी झाली की ३,०००, बाळाच्या जन्माची नोंद आणि पहिल्या लसी झाल्या की २,०००. दुसरं अपत्य असेल तर ते मुलगी असायला हवं, मग एकदम ६,०००. इथे पात्रतेची यादी आहे: जॉबकार्ड, ई-श्रम कार्ड, आयुष्मान कार्ड, दारिद्र्यरेषेखालचं कार्ड, आणखी बरंच काही. नाहीतर कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न आठ लाखांच्या आत.

या शेवटच्या ओळीशी आम्ही थबकलो. स्थळ आलं तेव्हा मध्यस्थाने जावयांचं 'पॅकेज' बारा लाख सांगितलं होतं. साखरपुड्याला ते दहा झालं. लग्नात मी पाहुण्यांना दहाच सांगत फिरले. आता जावयांनी दाखला पाठवला, त्यात चार लाख ऐंशी हजार. दाखला हातात घेऊन मी बराच वेळ बसले. लेकीच्या बाबांनी समजूत घातली, "अगं, बरंच झालं. बारा असते तर पाच हजार बुडाले असते."

पहिले ३,००० आले, पण सापडेनात. जावयांच्या खात्यात नाहीत, लेकीच्या पगाराच्या खात्यात नाहीत. दोन बँका पालथ्या घातल्यावर कळलं, की आधारला जोडलेलं खातं तिसरंच आहे. आठवीत शिष्यवृत्तीसाठी शाळेत शिबिर घेऊन एका दुपारी चाळीस पोरींची खाती उघडली होती, त्यातलं. शिबिर मीच घेतलं होतं. अर्ज माझ्या अक्षरात होता.

यादी वाचताना एक ओळ मात्र माझ्या डोळ्यांत राहिली. गरोदर आणि स्तनदा अंगणवाडी सेविका, मदतनीस आणि आशा, याही त्या यादीत आहेत. मी सेविकेला म्हटलं, "अगं, यात तर तूपण बसतेस."

"बसते ना बाई." ती वजनकाट्याचा हूक अडकवत होती. "आम्हाला पगार नसतो, मानधन असतं. मला किती मिळतं हे सरकारशिवाय कोणाला माहीत? म्हणून त्यांनीच यादीत घातलं."

सातचा पाढा न येणाऱ्या मुलीने हिशेब बरोबर मांडला होता. जी सगळ्यांची पात्रता तपासते, तिला शासनाने आधीच गरजूंमध्ये धरून ठेवलं आहे. मी काही बोलले नाही. त्या वीतभर खुर्चीत बोलायला तसाही श्वास पुरत नाही.

बाळ झालं. मुलगी, पावणेतीन किलो. परवा तिला सहा महिने पूर्ण झाले आणि अंगणवाडीत तिचं उष्टावण झालं. कायद्याने आईचा आहार बाळ सहा महिन्यांचं होईपर्यंत, आणि बाळाचा सहाव्या महिन्यापासून. एकीचं ताट उचललं की दुसरीचं वाढलेलं. मध्ये एक दिवस कोरडा नाही. असा मेळ मला कधी हजेरीपटात जमला नव्हता. सेविकेने नातीच्या ओठाला मऊ खिमटाचं बोट लावलं. नातीने तोंड वाकडं केलं, विचार केला, आणि दुसऱ्या बोटासाठी आ केला. तिच्याकडे ओटीपी कोणी मागितला नाही.

तुमच्या घरात कोणी गरोदर असेल तर अंगणवाडीत घेऊन जा. पिशवी न्या, आधार न्या, आणि आधारला ज्याचा नंबर असेल त्याला त्या दिवशी रजा टाकायला सांगा. लाज तेवढी घरी ठेवा. ती कुठल्याच अर्जाला जोडायची नसते.