बदल अंगवळणी पाडण्याची कोपरी पद्धत

'आयुष्याला कवेत घ्या' छापाची पुस्तकं लिहिणाऱ्यांची एक मोठी सोय असते. त्यांना सकाळी साडेआठला ठाण्याहून मुंबईकडे जाणारी जलद गाडी पकडायची नसते. ज्याला ती पकडायची असते त्याला कुणाला कवेत घ्यावं लागत नाही, चार अनोळखी माणसं त्यालाच घेतात.

म्हणून ही स्थानिक नियमावली. ठाणे पूर्वेला, म्हणजे कोपरीत, ती बरीच वर्षं वापरात आहे. बाहेरगावच्यांनी आपापल्या जबाबदारीवर वापरावी.

नियम १ : आधी पत्ता मान्य करा

लग्नाची बोलणी चालू आहेत. समोरच्या काकू विचारतात, "तुम्ही ठाण्यात कुठे?"

"स्टेशनपासून पाच मिनिटांवर."

"अगं बाई! नौपाड्यात?"

"नाही, पूर्वेला. कोपरी."

"अच्छा… त्या बाजूला होय."

या 'अच्छा'नंतर चहाचा घोट घेईपर्यंत जी शांतता पसरते, तीत कोपरीकराची खरी परीक्षा असते. तलावपाळी पश्चिमेला, गडकरी रंगायतन पश्चिमेला, राममारुती रोडही पश्चिमेला. आपल्याकडे खाडी, मिठबंदर रोड आणि आपण. अशा वेळी नवशिका "पण आमच्याकडून हायवे जवळ पडतो हो" असं काकुळतीने सांगू लागतो. सांगू नये. मुरलेला कोपरीकर दुसरं बिस्किट उचलतो.

यामागे शास्त्र आहे. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस (१९१३–२००७) सांगायचा की, माणसाच्या वागण्याला हवे तेवढे मार्क द्या, पण अख्ख्या माणसाला एकगठ्ठा पास-नापास करू नका. त्याच्या पद्धतीत विनाअट आत्मस्वीकार म्हणतात तो हाच. ही विवेकनिष्ठ विचारपद्धती मराठीत रुजवणाऱ्यांमध्ये डॉ. आनंद नाडकर्णी आहेत आणि त्यांनी १९९० साली सुरू केलेली आयपीएच ही मानसिक आरोग्याची संस्था ठाण्यातच आहे. पश्चिमेला. हेही मान्य करा.

नियम २ : 'ठाण्याला पाठवा' हे मनावर घेऊ नका

इथलं मनोरुग्णालय १९०१ सालचं. तेव्हापासून महाराष्ट्रात कुणी चार शब्द जास्त बोललं की त्याला ठाण्याला पाठवायची भाषा होते. आपण आधीच इथे आहोत, त्यामुळे ही धमकी आपल्याला लागू होत नाही. ठाणे आणि मुलुंडच्या मध्ये जे नवं स्टेशन व्हायचं आहे, तेही याच रुग्णालयाच्या जमिनीवर. यापुढे लोक तिथे रीतसर तिकीट काढून येतील.

नियम ३ : पुलाकडे बघा

पूर्व द्रुतगती महामार्ग आठ पदरी. तोच रेल्वेमार्गावरून जाताना कोपरी पुलावर चार पदरी व्हायचा. आठ रांगांतल्या गाड्या चार रांगांत बसवताना रोज संध्याकाळी जे शब्द कानी पडत, त्यांतून अनेक मुलांचा शब्दसंग्रह समृद्ध झाला. २०१८ मध्ये रुंदीकरण सुरू झालं. बाजूच्या नव्या मार्गिका ऑक्टोबर २०२१ मध्ये खुल्या झाल्या आणि जुना पूल पाडून बांधलेला मधला भाग फेब्रुवारी २०२३ मध्ये. एवढ्या काळात कोपरी-पाचपाखाडीचे आमदार राज्याचे मुख्यमंत्री झाले. साधकाने यातून दोन बोध घ्यावेत. एक, मोठे बदल सावकाश होतात. दोन, अडचण सुटते म्हणजे बहुतेक वेळा पुढच्या चौकात सरकते. ती तिथे भेटली की ओळखीच्या माणसाला करतो तसा नमस्कार करावा आणि गिअर बदलावा.

नियम ४ : 'पाहिजेच'मधला 'च' काढा

एलिसचा सगळा राग या 'च'वर. गाडी वेळेवर आली तर बरं, हा विचार निरोगी. आलीच पाहिजे, हा विचार रक्तदाब. कोपरीकर हे रोज करून शिकतो. पूर्वेकडून शिरलं की आधी लागतात ट्रान्स हार्बरचे नऊ, दहा आणि दहा 'अ' हे फलाट. मुंबईची गाडी हवी तर पूल चढून पलीकडे जायचं. तिथे पोचता पोचता उद्घोषणा होते की गाडी भलत्याच फलाटावर येत आहे. मग तोच पूल, तेच गुडघे, उलट दिशा. ३१ मे २०२४ पासून फलाट पाच-सहा रुंद करायला ६३ तासांचा ब्लॉक घेतला, तेव्हा तर लोकांनी गाडीचाच नाद सोडला आणि 'च' आपसूक गळाला.

एलिसचा याहून अवघड एक व्यायाम आहे. लाज मोडण्यासाठी तो रुग्णांना भर गाडीत मोठ्यांदा स्टेशनांची नावं ओरडायला लावायचा. न्यूयॉर्कमध्ये याला धाडस लागत असेल. आपल्याकडे शेजारी वाचत असो, झोपलेला असो, "ठाणा उतरणार का? ठाणा?" असं त्याच्या कानात ओरडल्याशिवाय दारापर्यंत पोचताच येत नाही. म्हणजे हा कोर्स आपण पासावर पूर्ण केलेला आहे. खुद्द एलिस एकोणिसाव्या वर्षी फार बुजरा होता. भीड चेपावी म्हणून ब्रॉन्क्सच्या वनस्पती उद्यानात शंभरेक अनोळखी बायकांशी स्वतःहून बोलला. एक भेटायला कबूल झाली. तीही आली नाही. पण भीड चेपली.

नियम ५ : सभेत शेवटचा प्रश्न विचारा

इमारत पुनर्विकासाला गेली की सोसायटीची सभा भरते. गच्चीवर प्लास्टिकच्या खुर्च्या, विकासकाच्या माणसाचा लॅपटॉप, पडदा म्हणून बांधलेली पांढरी चादर आणि वाऱ्याने तिच्यावर डुलणारा बावीस मजली टॉवर. आशावादी लोक पोहण्याचा तलाव बघतात. निराशावादी जुन्या जिन्याच्या आठवणी काढतात. हिशेबी लोक कार्पेट एरिया आणि भाडं विचारतात. शेवटी पहिल्या मजल्यावरच्या आजी हात वर करतात.

"अहो, पण तुम्ही मध्येच काम सोडून गेलात तर आम्ही कुठे जायचं?"

सभा गप्प. चिटणीस घाईघाईने वेफर्स फिरवायला लागतात. विकासकाचा माणूस "आजी, पॉझिटिव्ह राहा" म्हणतो. आजी राहत नाहीत. बँक गॅरंटीचा कागद हातात येईपर्यंत त्या सही करत नाहीत. पण सही केल्यावर सामान बांधायला सगळ्यांच्या आधी लागतात. बदल मान्य करणं म्हणतात ते हे. डोळे मिटून होकार देणं निराळं.

कोपरीला याची जुनी सवय आहे. १८५३ मध्ये बोरीबंदरहून आगगाडी ठाण्याला आली आणि रुळांनी चेंदणी कोळीवाडा पूर्व-पश्चिम असा दुभागला. कोळ्यांनी दोन्हीकडे संसार चालू ठेवले. फाळणीनंतर सिंधी कुटुंबं इथे आली, घर-गाव सगळं मागे टाकून. त्यांना आत्मस्वीकारावरचं पुस्तक कुणी दिलं नव्हतं. त्यांनी दुकानं टाकली.

नियम ६ : कुरकुर थांबवू नका

इथे इतर मार्गदर्शक चुकतात. ते म्हणतात, स्वीकार झाला की तक्रार संपते. कोपरीत उलट आहे. खड्डा पडलाय हे ज्याने मनोमन मान्य केलं, तोच त्याचा फोटो काढून वॉर्ड ऑफिसात नेतो. खड्डा पडायलाच नको होता, असं जो धरून बसतो, तो घरीच चिडचिड करतो आणि नंतर त्याच खड्ड्यात जातो. स्टेशनबाहेरची वाहतूक सुधारण्याचं पश्चिमेचं काम, म्हणजे सॅटिस, २००९ मध्ये झालं. पूर्वेच्या सॅटिसच्या मुदतींमागून मुदती उलटल्या. त्यावर रागावून झोप घालवू नये, आणि विसरूनही जाऊ नये. रात्री शांत झोपावं आणि सकाळी उठून विचारायला जावं.

सोयीसाठी अर्जाचा नमुना खाली दिला आहे. रिकाम्या जागा भरून घ्याव्यात.

'महोदय, आमच्या भागातील ______ हे काम ______ सालापासून सुरू आहे, ही वस्तुस्थिती मी पूर्णपणे स्वीकारली आहे. मी स्वतःलाही स्वीकारले आहे. माझा आपल्यावर व्यक्तिशः राग नाही. आपल्या कामाला मात्र मी शून्य मार्क देत आहे. काम कधी पुरे होईल ते लेखी कळवावे. पुढच्या सोमवारी मी पुन्हा येईन. आपला, कोपरीतील एक समाधानी रहिवासी.'

अर्ज दोन प्रतींत न्यावा. दुसरीवर पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडू नये.