दोन चंद्रांची संकष्टी

मे महिन्यात चोपड्यातली माणसं घरात राहतात आणि गच्चीवर झोपतात. पारा पंचेचाळिशीच्या आसपास, दिवसभर तापलेल्या भिंती मध्यरात्रीपर्यंत निवत नाहीत, कूलर गरम हवेला फक्त वेग देतो आणि त्यालाही वीज लागते. म्हणून संध्याकाळी गच्चीवर बादल्या ओतायच्या, गाद्या टाकायच्या, उशाशी पाण्याचा तांब्या ठेवायचा आणि आडवं व्हायचं. मधला कठडा कमरेएवढाच. त्यामुळे कुणाची सोयरीक कुठे अडली, बऱ्हाणपूरला केळीचा भाव काय निघाला, हे सगळं उताणं पडल्यापडल्या कळतं. आपण काय बोललो तेही तितक्याच सहज पलीकडे कळतं.

अशा जाहीर शयनगृहात माझ्या भाच्यानं दुसरा चंद्र उगववला. तो सुटीला पुण्याहून आला होता. मित्रांबरोबर त्यानं एक काल्पनिक जग रचलंय. त्यात राजे आहेत, ड्रॅगन आहेत, नकाशा आहे. आकाशाचं काम तेवढं बाकी होतं.

"मामा, आमच्याकडे दोन चंद्र आहेत," तो म्हणाला. "एक साधा. दुसरा निळा, स्वप्नांचा. तो उगवला की सगळं राज्य झोपतं आणि सगळ्यांना एकच स्वप्न पडतं."

मी कौतुक करणार, एवढ्यात पलीकडच्या गादीवरून माझी माय बोलली. ती झोपलीय असं आम्ही धरून चाललो होतो.

"दोन चांद? मंग चौथ कोनता चांद पाहीसन सोडानी?"

ड्रॅगनला पुरून उरलेलं राज्य या एका प्रश्नानं आडवं झालं. ज्यानं संकष्टी केलीय त्याला हा प्रश्न किती गंभीर आहे ते कळेल. स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर गावोगावचे चंद्रोदय छापलेले असतात ते काही हौस म्हणून नव्हे. आपण मुंबईच्या पूर्वेला असल्यामुळे आपल्याकडे चंद्र साधारण दहा मिनिटं आधी उगवतो, आणि मोदक समोर असताना दहा मिनिटं हा काळ फार मोठा असतो. त्यात एक चंद्र साडेनऊला आणि दुसरा पहाटे दोनला उगवणार असेल, तर त्या राज्यात गणपतीचा भक्त टिकायचा नाही.

भाचा गडबडला. मी मात्र विचारात पडलो. चंद्र आणि झोप ही सांगड पोरानं घातली कुठून? आपल्याकडे चंद्राकडे खातं आहे ते जागरणाचं. कोजागरीला लक्ष्मी मध्यरात्री फिरते आणि कोण जागं आहे ते विचारते. जो घोरतो त्याचं दार ती ओलांडून जाते. खानदेशात भाद्रपद पौर्णिमेला भुलाबाई बसते आणि महिनाभर पोरी टिपऱ्या वाजवत, गाणी म्हणत, झाकलेल्या डब्यातला खाऊ ओळखत घरोघर फिरतात. त्याचीही सांगता कोजागरीच्याच रात्री. रमजान संपत आला की ईदच्या चंद्रासाठी गच्च्या भरतात, तेव्हाही सगळे डोळे उघडेच. उरली गणेश चतुर्थी. त्या रात्री चंद्राकडे बघायचंच नाही, कारण खुद्द श्रीकृष्णावर स्यमंतक मण्याच्या चोरीचा आळ आला होता. पण तेव्हाही मान खाली घालून जागंच राहावं लागतं. झोपा असं आपल्या चंद्रानं कुणाला कधी सांगितलेलं नाही.

स्वप्नांची सोय केली ती युरोपातल्या लोकांनी. रिचोली नावाच्या इटालियन पाद्र्यानं १६५१ साली चंद्राच्या नकाशावर नावं घातली. काळसर डागांना त्यानं समुद्र, सरोवरं, दलदली ठरवलं. त्यात 'लॅकस सोम्निओरम' म्हणजे स्वप्नांचं सरोवर आहे, आणि झोपेची दलदलही आहे. सरोवराचा विस्तार सुमारे चारशे किलोमीटर. चोपड्याहून मुंबई साधारण तेवढीच पडते. त्याला लागून उत्तरेला मृत्यूचं सरोवर. झोपलेल्यानं कूस बदलताना जपून बदलावी, असा एकूण बेत. हे ऐकून भाचा उठूनच बसला. त्याचा निळा चंद्र निम्मा तरी खरा निघाला होता.

"पाणी कितलं शे त्यामा?" मायनं विचारलं.

"थेंबभरही नाही आजी. थिजलेला लाव्हा आहे नुसता."

"मंग ते आपली नदीगतच शे," म्हणून तिनं कूस बदलली. उत्तरेला नव्हे.

मग मी त्याला केपलरची गोष्ट सांगितली. ग्रहांच्या गतीचे नियम शोधणाऱ्या या माणसानं स्वप्नातल्या चंद्रप्रवासावर एक पुस्तक लिहिलं. ते त्याच्या मृत्यूनंतर, १६३४ साली छापून आलं. त्यातल्या नायकाची आई मंत्रतंत्र जाणणारी, भुतंखेतं बोलावून चंद्राची माहिती काढणारी. इकडे केपलरच्या खऱ्या आईवर चेटकीण म्हणून खटला भरला गेला, आणि तिच्या बचावासाठी आकाश सोडून त्याला कोर्टकचेरीत उतरावं लागलं. १६२१ साली ती सुटली. हस्तलिखितातल्या त्या आईनं कुजबुजीला खतपाणी घातलं, असं त्याला पुढे वाटत राहिलं.

"तुझ्या निळ्या चंद्रावर आहे का कुणी चेटकीण?" मी विचारलं.

"आहे ना. ती चष्मा लावते आणि सगळ्यांना वेळेवर झोपायला लावते."

अंधारातून ताईचा आवाज आला, "आणि मोबाइल काढून घेते का रे ती?" भाच्यानं ते पात्र तिथल्या तिथे मारलं.

तोवर शेजारच्या गच्चीवरचे आबा कठड्याला टेकले होते. त्यांची केळी उभी आहे, आणि मेअखेरीच्या वादळवाऱ्याचे दिवस आहेत. एका झोडप्यात घडांसकट बाग जमिनीवर येते, त्यामुळे या दिवसांत ते स्वप्न बघत नाहीत, आभाळ बघतात. त्यांची हरकत वेगळीच होती.

"सगळासले एकच सपन? मंग कोनं सपन पडी? मनं पडनं ते गावनी झोप मोडी."

सबंध राज्याला रात्रभर आडवी झालेली केळीची बाग दिसते आहे, ही कल्पना भाच्याला झेपेना. त्याच्या डोक्यात ढगांतला राजवाडा होता. सगळ्यांना एकच स्वप्न म्हटलं की ते आपलंच असणार, असं प्रत्येक राजा धरून चालतो. हरिश्चंद्रानं तर स्वप्नात राज्य देऊन टाकलं आणि सकाळी विश्वामित्र ताबा घ्यायला हजर. त्या राज्याच्या प्रजेला काय स्वप्न पडलं होतं, ते कुणी विचारल्याचं ऐकिवात नाही.

आता निळा चंद्र बहुतेक रद्द होणार होता. पोराचा चेहरा पाहून मायच पुढे झाली. नातवासाठी ती खगोलशास्त्रातही तडजोड करते.

"अमावस्याले ये म्हना त्याले. तवय आपला चांद रजावर ऱ्हास."

तोडगा बिनतोड होता. चौथ सुरक्षित, कोजागरी सुरक्षित आणि महिन्यातून एक रात्र स्वप्नांना मोकळी. भाच्यानं मोबाइलच्या उजेडात ते टिपूनही घेतलं. आबांनी मात्र जरा वेळ हिशेब केला. शेतातल्या मोटारीला वीज असते तीही कितीदा रात्रीच, बांधावर बिबट्याची धास्ती आणि अमावस्येला डोळ्यांत बोट घातलं तरी दिसत नाही.

"हाई बेस व्हयनं," ते खुशीत म्हणाले. "रातले पानी भराले बॅटरी लागाव नही."

भाचा म्हणाला, "पण आबा, तो उगवला की सगळ्यांनी झोपायचं असतं!"

"झोपतीन ना राजा-राणी," आबा म्हणाले. "आमनी बारी शे."

अशा रीतीनं स्वप्नांचा निळा चंद्र चोपडा तालुक्यात उगवला आणि पहिल्याच रात्री केळीला पाणी भरायच्या कामाला लागला.