गणपती जांवदेत!

आबांना तुम्ही ओळखता. तुमच्याकडे त्यांचं नाव अण्णा असेल, दादा असेल. एसटी डोळ्यांदेखत सुटली तरी खिशातून तपकिरीची डबी काढणारा हा माणूस. आमचे आबा तळकोकणातले. त्यांच्याकडे वडिलांच्या वेळची एकनळी काडतुशीची बंदूक, शेतीसंरक्षणाच्या परवान्यावरची, आणि स्वतःचं एक वाक्य: "गणपती जांवदेत, मगे बघूया."

गणपती जातात. मग भातकापणी, जत्रा, शिमगा, आंबे, पेरणी आणि पुन्हा गणपती. आबांच्या पंचांगात 'गणपती झाले' असा काळच नाही. एक तर ते यायचे असतात, नाहीतर त्यांची उधारी फिटायची असते. २०१९ साली कायदा बदलून परवान्याची मुदत तीन वर्षांची पाच झाली. आबांच्या दृष्टीने एवढाच फरक, की पूर्वी तीन वर्षांनी चुकायचं ते आता पाच वर्षांनी चुकायचं.

निवडणूक आली की सहसा बंदूक ठाण्यात जमा करावी लागते. २०२४च्या लोकसभेला आबांनी ती जमा केली, सर्वांत शेवटी. परत आणायची राहिली. विधानसभा लागली तेव्हा हवालदार यादी घेऊन बसले, तर आबांची बंदूक आधीच हजर! आयुष्यात आबा वेळेआधी पोचले ते एवढंच.

पुढे नूतनीकरणाचा अर्ज उशिरा गेला आणि नामंजूर झाला. जमीन पडीक, बंदुकीची गरज दिसत नाही. अपिलाला ३० दिवस. आबा माझ्याकडे उगवले २१७व्या दिवशी, हातात शहाळं.

"आबा, १८७ दिवस उशीर!"

"डुकरांका सांग मा मुदत. ती खंय तारीख बघून येतत?"

शस्त्र अधिनियमाच्या कलम १८ मध्ये सोय आहे. उशिराला पुरेसं कारण दाखवलं, तर अपील दाखल होऊ शकतं. आमच्या वकिलीच्या धंद्यात पुरेशी कारणं ठरलेली. कावीळ, कंबर, पत्नीचं आजारपण. मी कावीळ लिहायला घेतली.

"खोटा लिव नको," आबा पहिल्यांदाच घाईने म्हणाले. मग धोतराच्या सोग्यातून लखोटा काढला. फोडलेला नव्हता. आतला मजकूर त्यांना पोस्टमनच्या तोंडावरूनच कळला होता. देव्हाऱ्यात गणपतीच्या तसबिरीमागे ठेवून दिला होता, इतके महिने.

"फोडूक नाय, मगे नकार खंय इलो?"

आबांचे मुलगे मुंबईत. खालच्या मळ्यात करवंदीच्या जाळ्या. मोडकळीला आलेलं एक खोपटं आणि त्यात भिंतीवर बंदुकीचा रिकामा खुंटा. बंदूक परत मिळाली तरी आबांचे डोळे आता डुक्कर आणि शेजाऱ्याचं वासरू यात फरक करतील असं नाही. तरी बापाचा परवाना आपल्या हातून मेला, हे त्या कागदावर लिहिलेलं असणार होतं.

मी कावीळ खोडली. खरं कारण लिहिलं. इतका लाजिरवाणा विलंबमाफीचा अर्ज मी आजवर केला नव्हता, आणि इतका खराही.

परवा विभागीय आयुक्तांकडून माझ्या पत्त्यावर प्रत आली. विलंब माफ, अपील सुनावणीला. चतुर्थीला आठ दिवस होते. मी धावतपळत आबांकडे गेलो. त्यांचा लखोटाही आला होता. तसबिरीमागून त्याचं टोक दिसत होतं.

"आबा, तो फोडा तरी! चांगली बातमी आहे."

आबांनी माझ्याकडे बघितलं, मग तसबिरीकडे. मखराचा बांबू तासायला घेत म्हणाले,

"गणपती जांवदेत."