किल्ली कार्यवाहांकडे आहे

शेवटी प्रमुख पाहुण्यांनी कपाटालाच हार घातला.

दुसरं करणार काय? वाचनालयाचा शतकोत्तर सुवर्णमहोत्सव, कार्यक्रमपत्रिकेवर ‘दुर्मिळ ग्रंथांचे पूजन’ छापलेलं, पाहुणे पूजेचं तबक घेऊन उभे आणि कपाटाला कुलूप. किल्ली कार्यवाहांकडे. कार्यवाह मुलीकडे, पुण्याला. मग अध्यक्षांनी प्रसंगावधान राखून हार कपाटाच्या मुठीत अडकवून दिला, काचेला हळदकुंकू लागलं, खाली नारळ वाढवला. नारळाचं पाणी तळाच्या फटीतून आत गेलं. आत खालच्या फळीवर ‘निबंधमाला’ आहे. टाळ्या झाल्या.

हे कपाट गावाला नवीन नाही. आमचं वाचनालय जेव्हा ‘नेटिव्ह जनरल लायब्ररी’ होतं आणि मामलेदार, वकील, शाळामास्तर वर्गणी काढून मुंबईहून पुस्तकं मागवायचे, तेव्हापासूनचा ऐवज त्यात आहे. काचेतून पुस्तकांच्या पाठी दिसतात. 1857 सालचं ‘यमुनापर्यटन’ आहे म्हणतात. ‘विविधज्ञानविस्तारा’चे बांधीव अंक आहेत म्हणतात. म्हणतात, कारण ते हातात घेतलेला कुणी सध्याच्या सभासदांत नाही.

कार्यवाह बदलतात, किल्ली कार्यवाहांकडेच असते. मागचे कार्यवाह निवडणूक हरले तेव्हा त्यांनी दप्तर दिलं, शिक्का दिला, टेबलावरची घंटाही दिली. किल्ली तेवढी कित्येक वर्षं दिली नाही. आधी माझ्या काळातला चहापानाचा खर्च मंजूर करा, म्हणाले. तो खर्च वार्षिक सभेत दरवर्षी वाचला जायचा आणि दरवर्षी गोंधळात तहकूब व्हायचा. त्याच सुमारास सोलापूरहून एक संशोधक आला होता. त्याला अर्ज करायला सांगितलं. अर्ज सभेपुढे आला तर गणपूर्ती नाही. नियमाप्रमाणे सभा अर्धा तास तहकूब झाली, नियमाप्रमाणेच त्याच जागी पुन्हा भरली आणि एकमताने ठराव झाला की, ग्रंथ दुर्मिळ असल्याने ते कोणासही पाहण्यास देऊ नयेत. संशोधकाला ठरावाची प्रत मिळाली, शिक्क्यासह. त्याने ती प्रबंधाच्या परिशिष्टात जोडली असेल तर मला आश्चर्य वाटणार नाही. कसर मात्र अर्ज न करता आत गेली. तिला गणपूर्तीचीही अडचण आली नाही.

तर हार घालून झाल्यावर भाषणं. मोबाइलने पिढी वाया गेली, वाचनसंस्कृती लोप पावली, आमच्या वेळी आम्ही कंदिलाच्या उजेडात वाचायचो. कंदील! बोलणाऱ्यांपैकी एकाचा जन्म गावात वीज आल्यानंतरचा आहे, आणि त्याच्या वर्गातले निम्मे लोक समोरच्या खुर्च्यांत बसून ऐकत होते. या व्यासपीठावरच्या मंडळींपैकी कुणाची वर्गणी किती वर्षांपासून थकली आहे, हे देवघेवीच्या टेबलावरच्या ग्रंथपालबाईंना तोंडपाठ आहे. त्या बोलत नाहीत. त्यांचा पगार याच मंडळींच्या सहीने निघतो. आणि ज्या पिढीच्या नावाने हा गळा काढणं चाललं होतं, ती नेमकी वरच्या मजल्यावर अभ्यासिकेत सकाळी सहापासून मान खाली घालून बसली होती. कर्ण्याचं तोंड त्यांच्याच खिडकीकडे. एक मुलगी खाली आली, दोन दिवसांवर परीक्षा आहे, आवाज जरा कमी कराल का, म्हणाली. बिल्ला लावलेल्या स्वयंसेवकाने तिला समजावलं, “अगं, वाचनावरच चाललंय. तूही ऐक जरा.”

पगाराचं निघालंच आहे तर तेही बोलून घेऊ, महोत्सवात ते कुणी बोललं नाही. राज्यात ग्रंथालयांचा कायदा 1967 पासून आहे आणि अ, ब, क, ड असे वर्गही आहेत. तालुक्याच्या ‘अ’ वर्ग वाचनालयाला वर्षाला 3 लाख 84 हजार मिळायचे. 2022 मध्ये 60 टक्के वाढ जाहीर झाली तेव्हा पेढे वाटले गेले. करा हिशेब. वाढ धरून होतात 6 लाख 14 हजार. त्यातले निम्मे पगाराला, माणसं चार. सरासरी काढली तर माणशी महिना साडेसहा हजारही पडत नाहीत. तेही हप्त्याने, हप्ता येईल तेव्हा. या पैशात बाईंनी पुस्तकांना नंबर द्यायचे, थकबाकीदारांच्या घरी निरोप धाडायचे, रहस्यकथेचं शेवटचं पान कुणी फाडलं याचा छडा लावायचा आणि महोत्सवाच्या दिवशी पाहुण्यांना गुलाबाचं फूल द्यायचं. त्या कपाटासाठी डांबराच्या गोळ्या त्या स्वतःच्या पैशाने आणतात. दाराच्या फटीला एक गोळी लावतात आणि स्वेटर विणायच्या सुईने एकेक आत ढकलतात. दीडशे वर्षांच्या ठेव्याचं जतन-संवर्धन जे काय ते एवढंच. स्मरणिकेत मात्र कपाटाचा रंगीत फोटो आहे, शेजारी संचालक मंडळ ओळीने उभं. बाई फोटोत नाहीत. फोटो त्यांनीच काढला.

महोत्सवानंतरच्या सभेत एका नव्या संचालकाने भीतभीत सुचवलं की दुसरी किल्ली करून घ्यावी. सूचना उत्तम, असं सगळे म्हणाले. कोषाध्यक्ष म्हणाले, खर्च संस्थेचा असल्याने तीन दरपत्रकं मागवावी लागतील. गावात किल्लीवाला एकच, बस स्टँडसमोर बसतो. शिपायाने जाऊन त्याला अडचण सांगितली. तो म्हणाला, तिन्ही मीच देतो. पण किल्ली करायला आधीची किल्ली आणा.