जुन्या ईमेल खात्यावर डोळा ठेवून असलेल्या चोरमहाशयांस

श्री. चोरमहाशय यांस,


आपला आमचा परिचय नाही, आणि तो होऊ नये याचीच ही सारी खटपट आहे. तरी पत्र लिहायचं कारण असं, की आमचं एक जुनं ईमेल खातं आम्ही कायमचं बंद करत आहोत. आपण केव्हा ना केव्हा इकडे वळणारच होता. आपल्याला न कळवता दार लावून घेणं आमच्या गावच्या रीतीत बसत नाही. पुण्यात दार लावतात हे खरं, पण बाहेर पाटी लावून. तेव्हा ही पाटी समजावी.

पुण्यानं आपली सेवा फार जुन्या काळापासून केली आहे. विदेश संचार निगमच्या दिवसांत 'पीएन टू डॉट व्हीएसएनएल' असा पत्ता कार्डावर छापणारा माणूस लक्ष्मी रस्त्यानं जरा ताठ मानेनं चालायचा, कारण त्या पत्त्याला पैसे मोजावे लागत. मग ४ जुलै १९९६ ला हॉटमेल आलं. ते काढणाऱ्या दोघांपैकी सबीर भाटिया हे कॅम्पातल्या बिशप्स शाळेचे माजी विद्यार्थी, त्यामुळे निम्मं श्रेय आम्ही आमच्याकडे ठेवतो. भाटियांनी खातं फुकट केलं, आणि फुकटची वस्तू पुणेकरानं एकच घेतल्याचं ऐकिवात नाही. एक नोकरीच्या अर्जांसाठी, एक मित्रमंडळींसाठी, एक याहूवर बरं दिसतं म्हणून, एक रेडिफवर आपलं असावं म्हणून, आणि एक पहिल्याचा पासवर्ड आठवेना म्हणून. २००४ मध्ये जीमेल आल्यावर सगळे तिकडे राहायला गेले. जुनी खाती कुणी बंद केली नाहीत, नुसती विसरली. विसरणं आणि बंद करणं यांत जो फरक आहे, त्यावरच आपला चरितार्थ चालतो, हे आम्हाला उशिरा का होईना उमगलं आहे.

त्या काळी पासवर्ड विसरल्यास कंपन्या एक गुप्त प्रश्न विचारत: आईचं लग्नाआधीचं आडनाव काय? अमेरिकेत हे गुपित असेलही. आमच्याकडे ते स्थळाच्या बायोडाट्यात 'मामेकुळ' या रकान्यात टाइप केलेलं असतं. वर जन्मतारीख, जन्मवेळ, जन्मस्थळ, शिक्षण, गोत्र आणि एक हसरा फोटो. हा ऐवज आमच्याच खात्यांतून शे-दोनशे अनोळखी घरांत रवाना झालेला आहे. शिवाय याहूची २०१३ सालची चोरी आपल्याला आठवत असेलच. आधी १०० कोटी खाती म्हणाले, आणि २०१७ मध्ये कबूल केलं की सगळीच्या सगळी, म्हणजे ३०० कोटी. त्यात अनेकांचे हे गुप्त प्रश्न, उत्तरांसकट गेले होते. अमेरिकेत उपराष्ट्राध्यक्षपदाला उभ्या असलेल्या सारा पेलिन यांचं याहू खातं २००८ मध्ये टेनेसीतल्या एका कॉलेजकुमारानं असल्याच प्रश्नांची उत्तरं इंटरनेटवर शोधून उघडलं. बाईंचा बायोडाटा हाती असता तर त्याला तेवढेही कष्ट पडले नसते.

पण खरं घबाड इनबॉक्समध्ये नसून 'सेंट' या फोल्डरमध्ये असतं, हे आपल्यासारख्या जाणकारास आम्ही काय सांगावं! अप्पा बळवंत चौकापासून उपनगरातल्या शेवटच्या गल्लीपर्यंत प्रत्येक झेरॉक्सवाल्याच्या काउंटरवर त्याचा ईमेल पत्ता ठळक अक्षरांत चिकटवलेला असतो. गिऱ्हाइकानं त्यावर आधार पाठवायचं, पॅन पाठवायचं, रद्द केलेला चेक पाठवायचा, दोन रुपयांची प्रिंट घ्यायची आणि घरी जायचं. कागद पाकिटात जपून ठेवायचा, आणि फाइल मात्र दोन्ही खात्यांत जन्मभर तशीच. भाडेकरार, शाळेचे दाखले, पासपोर्टची रंगीत प्रत, सही केलेला कोरा अर्ज, सगळं तारीखवार लावलेलं. बँकसुद्धा आमची कागदपत्रं इतकी व्यवस्थित ठेवत नसेल.

वीजबिलाचंही तेच. महावितरणच्या 'गो-ग्रीन' योजनेत छापील बिल सोडून ईमेलवर बिल घेतलं की बिलात थोडी सवलत मिळते. पुण्यात ही योजना का रुजली हे कुणाला विचारावं लागणार नाही. मात्र त्या बिलावर नाव, पत्ता, ग्राहक क्रमांक आणि थकबाकी असते. 'आज रात्री साडेनऊला आपली वीज तोडली जाईल' हा आपल्या व्यवसायबंधूंचा लोकप्रिय संदेश अचूक ग्राहक क्रमांकासह आला, तर भलेभले घाबरून लिंक दाबतील. तेवढ्याशा सवलतीत एवढी माहिती हल्ली कुठं मिळते?

आपल्या घराण्यातल्या एका कर्तबगार पुरुषाचाही उल्लेख करायला हवा, कारण आमचे डोळे त्याच्यामुळे उघडले. २००९ मध्ये 'हॅकर क्रोल' नावानं वावरणाऱ्या एका फ्रेंच तरुणानं ट्विटर कंपनीची अंतर्गत कागदपत्रं मिळवली. कुठलीही भिंत फोडली नाही. कंपनीतल्या एका कर्मचाऱ्याच्या जीमेलचा पासवर्ड विसरल्यास नवा कुठं पाठवायचा, तर एका हॉटमेल पत्त्यावर, अशी नोंद होती. ते हॉटमेल वापराविना केव्हाच रद्द झालं होतं. यानं तोच पत्ता स्वतःच्या नावानं नव्यानं घेतला आणि जीमेलला सांगितलं, पासवर्ड विसरलो. जीमेलनं मुकाट्यानं किल्ली हातात दिली. पुढे २०१३ मध्ये याहूनं तर वर्षभर न वापरलेले पत्ते उघडपणे नव्या गिऱ्हाइकांना वाटले, आणि काही आठवड्यांतच नव्या मालकांना जुन्या मालकांची खासगी पत्रं येऊ लागल्याच्या तक्रारी झाल्या.

तर आता आम्ही काय केलं ते ऐका. बंद करायचं बटण आम्ही सर्वांत शेवटी ठेवलं. आधी खात्यातच 'वेलकम', 'व्हेरिफाय', 'रजिस्ट्रेशन' असे शब्द टाकून शोध घेतला. आमची नोंदणी जिथं जिथं होती ती सारी ठिकाणं बाहेर आली. कधीच मोडीत निघालेल्या कंपन्यांकडेही आमची जन्मतारीख सुखरूप होती. मग बँक, विमा, म्युच्युअल फंड, रेल्वेचं तिकीट, वीज आणि आयकर खातं अशा एकेका ठिकाणी पत्ता बदलला. आयकर तर आधी. नोंदलेल्या ईमेलवर नोटीस गेली की ती पोचली असंच धरलं जातं, आणि ती आमच्याऐवजी आपण वाचावी हे बरं दिसत नाही. नव्या खात्याच्या रिकव्हरीच्या रकान्यातून जुना पत्ता काढला. हे एकच काम विसरलं असतं, तर बाकीची सगळी मेहनत आपल्याच उपयोगी पडली असती.

त्यानंतर जुन्या खात्यातली पत्रं नव्यात आपोआप येतील अशी सोय करून आम्ही स्वस्थ बसलो. वर्षभर. घाईची सवय असलेल्यांना हे चमत्कारिक वाटेल, पण विम्याचा हप्ता, मिळकतकराचं बिल, गुंतवणुकीचा वार्षिक हिशेब ही पत्रं वर्षातून एकदाच उगवतात. 'आमचा पत्ता बदलला आहे, नवा पत्ता अमुक' असं आपोआप जाणारं उत्तर मात्र ठेवलं नाही. ते आप्तांना जातं तसंच आपल्यालाही गेलं असतं, आणि इतकी सलगी नको. ज्यांना कळवायचं त्यांना स्वतः कळवलं. अमेरिकेतल्या नातवंडांचे फोटो आणि ठेवण्याजोगी पत्रं उतरवून घेतली. गुगलकडे त्यासाठी टेकआउट आहे, इतरत्र थंडरबर्डसारखा प्रोग्रॅम चालतो. मग सेंट, ड्राफ्ट आणि ट्रॅश रिकामे केले. 'ट्रॅश रिकामा' हे विशेष लिहितो, कारण कचरा टाकल्यावर तो उचलून नेला जातो असं समजायची आम्हाला सवय आहे.

मग बटण दाबलं. हॉटमेल आता मायक्रोसॉफ्टचं, आणि मायक्रोसॉफ्ट खातं बंद करताना तीस किंवा साठ दिवसांची मुदत देतं, पश्चात्तापासाठी. त्या मुदतीत कुणी लॉगिन केलं की खातं पुन्हा जिवंत होतं. 'खरंच बंद झालं का' हे बघायला जाणं हा आमच्याकडचा स्वभावधर्म, त्यामुळे हा टप्पा फार कठीण गेला.

आपल्याला थोडा दिलासाही देतो. सगळी खाती आम्ही बंद करणार नाही. बंद केलेला जीमेल पत्ता गुगल दुसऱ्या कुणाला देत नाही, तिथं निर्धास्तपणे बटण दाबता येतं. पण जिथं सुटलेला पत्ता उद्या दुसऱ्याला मिळू शकतो, तिथं बंद करणं म्हणजे आपल्यासाठी जागा मोकळी करणं. असं खातं रिकामं करून, नवा पासवर्ड आणि दुहेरी पडताळणी लावून आम्ही मुद्दाम राखून ठेवलं आहे. मधूनमधून लॉगिनही करतो, नाहीतर कंपनीच ते काढून टाकायची. आत मात्र काहीही नाही. यायचं तर या.

गेलेल्या माणसांच्या खात्यांकडे वळण्याचा आपला विचार असेल, तर तिथंही थोडी अडचण आहे. वारल्याची बातमी पेपरात येते, श्रद्धांजली फेसबुकवर येते आणि खातं तसंच राहतं, हे आपल्या पथ्यावर पडत आलं आहे. पण गुगलनं २०१३ पासूनच खातं निष्क्रिय झाल्यास ते कुणाच्या हवाली करायचं हे आधी ठरवून ठेवायची सोय केली आहे, आणि आपल्या देशाच्या २०२३ च्या डेटा संरक्षण कायद्यात माहिती पुसून घ्यायच्या हक्काची तरतूद आहे, तशी वारस नेमायच्याही. आमच्या घरातल्या वडीलधाऱ्यांची खाती आम्ही त्यांच्याच शेजारी बसून, त्यांचा ओरडा खात मार्गी लावली.

एवढ्यावरही आपण आलातच, तर १९३० हा सायबर फसवणुकीसाठीचा सरकारी मदत क्रमांक आमच्या फ्रिजवर चिकटवलेला आहे.

कळावे, लोभ नसावा ही विनंती.

आपला,
शुक्रवार पेठेतला एक माजी खातेदार

ता. क. पत्र खुलं असल्यानं ते आपल्याआधी आमचे शेजारीच वाचतील, म्हणून दोन ओळी त्यांच्यासाठी: मंडळी, आज रात्री झोपण्यापूर्वी तुमच्या चालू खात्याच्या सेटिंगमध्ये जा आणि रिकव्हरी ईमेलच्या रकान्यात कोणता पत्ता आहे, तो अजून तुमचाच आहे का, एवढं बघून घ्या.